सोळा खुर्च्या, सहा ओळखी

(निफाड येथील स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाची मुद्रित संहिता)



निफाडला व्याख्यान द्यायचे म्हटले की पहिले नाव ओठांवर येते ते न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचे. १८ जानेवारी १८४२ रोजी ते या गावात जन्मले. पुण्याची वसंत व्याख्यानमाला १८७५ साली सुरू झाली ती त्यांच्या पुढाकाराने, आणि चार माणसांनी एकत्र बसून एखादा विषय नीट ऐकावा ही सवय महाराष्ट्राला लागली त्यात त्यांचा वाटा मोठा आहे. त्यांच्या विचारांवर मात्र मी आज बोलणार नाही. मी गणिताचा शिक्षक. मी त्यांचे जन्मसाल तेवढे घेतो.

१८४२. हे चार अंक आधी उतरत्या क्रमाने लिहू, मग चढत्या क्रमाने, आणि वजाबाकी करू. ८४२१ वजा १२४८, बाकी ७१७३. तिचेही तसेच करू: ७७३१ वजा १३७७, आले ६३५४. पुढे ६५४३ वजा ३४५६, ३०८७. मग ८७३० वजा ०३७८, ८३५२. शेवटी ८५३२ वजा २३५८, म्हणजे ६१७४. आता याच्या पुढे कितीही वेळा करा, ६१७४ च येत राहते. चारही अंक सारखे नसलेली कोणतीही चार अंकी संख्या घ्या, जास्तीत जास्त सात पायऱ्यांत ती इथेच येऊन थांबते.

हे ज्यांनी शोधले ते दत्तात्रय रामचंद्र कापरेकर आपल्याच जिल्ह्यातले, देवळालीचे शाळामास्तर. जन्म डहाणूचा, १९०५ चा. देवळालीच्या शाळेत त्यांनी १९३० ते १९६२ अशी बत्तीस वर्षे शिकवले. ही संख्या त्यांनी १९४९ साली मद्रासच्या गणित परिषदेत मांडली. १९७५ च्या मार्चमध्ये मार्टिन गार्डनर यांनी 'सायंटिफिक अमेरिकन' मासिकात त्यांच्याबद्दल लिहिले आणि देवळालीचे नाव जगभरच्या गणितवेड्यांना ठाऊक झाले.

कापरेकरांपासून सुरुवात करण्याचे कारण आहे. त्यांच्या कृतीत पहिल्याच पायरीला काय होते ते पाहा. १८४२ घ्या नाहीतर २४८१ घ्या, अंक क्रमाने लावले की दोन्ही एकच होतात. कोणता अंक कोणत्या जागी होता ही माहिती आपण टाकून देतो, हाती उरतात फक्त अंक. आजचा माझा सारा विषय या एका प्रश्नाभोवती फिरतो: नावे आणि जागा टाकून दिल्या आणि फक्त आकडे ठेवले, तर मूळ गोष्टीचे किती उरते?

आकडे कशाचे, ते सांगतो. काही माणसे घ्या. ज्यांची एकमेकांशी ओळख आहे त्यांच्यामध्ये एक रेघ ओढा. माणसांच्या जागी गावे घ्या आणि रेघांच्या जागी रस्ते, किंवा स्थानके घ्या आणि रूळ. जे तयार होते त्याला गणितात ग्राफ म्हणतात. मी साधे 'जाळे' म्हणेन. प्रत्येक बिंदूला किती रेघा येऊन मिळतात ती त्याची कोटी. शाळेत बहुपदीची कोटी शिकवतात तोच हा शब्द, अर्थ निराळा. सगळ्या बिंदूंच्या कोटी उतरत्या क्रमाने मांडल्या की झाला कोटिक्रम. नावे गेली, आकडे राहिले.

आपल्याच लोहमार्गावरची ओळीने पाच स्थानके घ्या: खेरवाडी, कसबे सुकेणे, निफाड, उगाव, लासलगाव. एवढाच तुकडा धरला तर दोन टोकांची कोटी एक आणि मधल्या तिघांची दोन. कोटिक्रम २, २, २, १, १. हा कागद आता नाशिक जिल्हा कधी न पाहिलेल्या माणसाच्या हाती द्या आणि त्याला नकाशा काढायला सांगा. तो खेरवाडी ते लासलगाव एक सरळ रूळ टाकील आणि सुकेणे, निफाड, उगाव यांचा वेगळा त्रिकोण करील. आकडे सगळे जुळतील. फक्त खेरवाडीला गाडीत बसलेला माणूस निफाडला कधीच पोचणार नाही! पाच बिंदूंच्या जाळ्यातच आकडे असे फसवतात.

तरीही आकडे निरुपयोगी नाहीत, उलट ते फार बोलके आहेत. या विद्याशाखेचा जन्मच कोटी मोजण्यातून झाला. कोनिग्सबर्ग शहरात नदीने केलेले जमिनीचे चार भाग होते आणि त्यांना जोडणारे सात पूल. प्रत्येक पूल एकदाच ओलांडून सगळे पूल फिरता येतील का, असा प्रश्न होता. लिओनार्ड ऑयलरने १७३६ साली त्यावर निबंध लिहिला. त्याने नकाशा बाजूला ठेवला आणि प्रत्येक भागाला किती पूल मिळतात तेवढे मोजले. पाच, तीन, तीन, तीन. मध्ये येणाऱ्या भागात जितक्या वेळा शिरायचे तितक्याच वेळा बाहेर पडायचे, म्हणून तिथल्या पुलांची संख्या सम हवी. विषम चालेल ती फक्त सुरुवातीच्या आणि शेवटच्या भागाला. इथे चारही विषम. फेरी अशक्य. नदी किती रुंद, पूल लाकडाचा की दगडाचा, कशाचीच गरज पडली नाही.

त्याच आकड्यांची बेरीज चौदा, म्हणजे सात पुलांची बरोबर दुप्पट. हे नेहमीच असे होते, कारण प्रत्येक रेघ दोन टोकांना मिळून दोनदा मोजली जाते. त्यावरून एक गोष्ट मी पैजेवर सांगतो. या सभागृहात ज्यांच्या आपसातल्या ओळखींची संख्या विषम आहे, अशा माणसांची संख्या सम आहे. मी तुमच्यापैकी एकालाही ओळखत नसलो तरी हे विधान खरे आहे.

आता उलटा प्रश्न. कोणी आपल्यापुढे नुसते आकडे टाकले, तर तसे जाळे असू शकते का? बेरीज सम असणे आवश्यक, पण पुरेसे नाही. यावर व्हाक्लाव हावेल यांनी १९५५ साली आणि लुई हकिमी यांनी १९६२ साली, स्वतंत्रपणे, एक रीत दिली. ती ऐकताना तुम्हाला देवळालीच्या मास्तरांची आठवण येईल. आकडे उतरत्या क्रमाने लावा. पहिला आकडा खोडा. तो जेवढा असेल तेवढ्या पुढच्या आकड्यांतून एकेक वजा करा. पुन्हा क्रम लावा, पुन्हा तेच. शेवटी सगळी शून्ये उरली तर तसे जाळे आहे, उणे आकडा आला किंवा वजा करायला आकडेच पुरले नाहीत तर नाही.

करून पाहू. ४, ३, ३, २, २. चार खोडला, पुढच्या चौघांतून एकेक गेला: २, २, १, १. दोन खोडला: १, ०, १. क्रम लावला: १, १, ०. एक खोडला: ०, ०. जाळे आहे. आता ४, ४, ४, १, १. बेरीज इथेही चौदाच. चार खोडला: ३, ३, ०, ०. तीन खोडला: २, उणे १, उणे १. अडले. कारण उघड आहे. पाचांतल्या तिघांची सगळ्यांशी ओळख असेल, तर उरलेल्या दोघांच्या ओळखी निदान तीन-तीन असणारच, एक कशी असेल? हीच उघड गोष्ट पॉल एर्डॉश आणि टिबोर गलाई यांनी १९६० साली एका सूत्रात बांधली.

आता लासलगावच्या बाजारात चला. कांद्याचा लिलाव चालू आहे. समजा तीन व्यापारी आहेत आणि दोन शेतकरी. व्यापारी रोजचे, ते सगळे एकमेकांना ओळखतात. शेतकरी वेगवेगळ्या गावांचे, त्यांची आपसात ओळख नाही. एका व्यापाऱ्याला दोन्ही शेतकरी माहीत आहेत, उरलेल्या दोन व्यापाऱ्यांना एकेक, पण वेगवेगळा शेतकरी. ओळखी मोजा: ४, ३, ३, २, २. आत्ताच तपासलेला क्रम हाच.

समजा तुम्ही बाजार पाहिलेलाच नाही, फक्त हे पाच आकडे हाती आहेत. तरी तुम्ही छातीठोकपणे सांगू शकता की ही माणसे दोन गटांत विभागतात, एका गटात सगळे एकमेकांचे ओळखीचे आणि दुसऱ्यात कोणीच कोणाचे नाही. कसे ते पाहा. वरच्या तिघांच्या ओळखींची बेरीज दहा. आपसात ते फार तर सहा मोजू शकतात, प्रत्येकाच्या दोन. उरलेल्या चार खालच्या दोघांकडूनच यायला हव्यात. खालच्या दोघांकडे मिळून आहेतच चार. म्हणजे खालच्यांनी आपली प्रत्येक ओळख वर खर्च केली, आपसात एकही ठेवली नाही, आणि वरच्यांनाही दहा भरायला आपसातली प्रत्येक जोडी वापरावी लागली. दुसरा मार्गच नाही. अशा जाळ्याला स्प्लिट ग्राफ म्हणतात, आणि जाळे असे आहे की नाही हे नुसत्या कोटिक्रमावरून नेहमीच ओळखता येते, हे पीटर हॅमर आणि ब्रुनो सिमिओने यांनी १९८१ साली दाखवले. नावे गेली, जागा गेल्या, तरी वाटणी पूर्ण शाबूत. रेल्वेच्या पाच स्थानकांनी फसवले होते, बाजारातल्या पाच माणसांनी सगळे खरे सांगितले.

वाटणीचा विषय निघालाच आहे तर शिक्षकांच्या कामाची एक गोष्ट सांगून पुढे जातो. वर्गात बडबड फार आहे आणि दोन तुकड्या करायच्या आहेत. प्रत्येक मुलाचे जे गप्पांचे सोबती, त्यांतले निदान निम्मे दुसऱ्या तुकडीत जावेत असे करता येईल का? कितीही मोठा वर्ग असो, येते. आधी कशाही दोन तुकड्या करा. ज्या मुलाचे निम्म्याहून जास्त सोबती त्याच्याच तुकडीत असतील त्याला उचलून पलीकडे टाका. असे केल्यावर तुटलेल्या जोड्या निदान एकने वाढतात. एकूण जोड्या ठरावीक आहेत, त्यामुळे हे कायम चालू राहू शकत नाही, आणि थांबेल तेव्हा हवे ते साधलेले असेल. दोन्ही तुकड्या सारख्या संख्येच्या होतील याची मात्र हमी नाही. सगळे सोबती पलीकडे जातील अशा दोन तुकड्या होऊ शकतात का, हे तपासणेही सोपे आहे. पण तीन तुकड्यांसाठी तोच प्रश्न विचारा, आणि प्रत्येक वर्गावर झटपट चालेल अशी रीत आजवर जगात कोणालाही सापडलेली नाही. दोनावरून तीनावर जाताना गणिताची वाट अशी एकदम चढणीला लागते.

आता मी ज्यासाठी आलो त्या गोष्टीकडे येतो.

तुमच्यापैकी पुढच्या चार रांगांतल्या मधल्या चार-चार खुर्च्यांवर बसलेले सोळाजण माझ्या कामाचे आहेत. पहिली मांडणी अशी. प्रत्येकाने आपल्या रांगेतल्या तिघांना ओळखायचे आणि आपल्या मागे-पुढे, म्हणजे आपल्या उभ्या ओळीत बसलेल्या तिघांना. बुद्धिबळातला हत्ती जसा सरळ आणि आडवा चालतो तसे. प्रत्येकाच्या ओळखी झाल्या सहा. कोटिक्रम म्हणजे सोळा वेळा सहा. यातले कोणतेही दोघे घ्या. एकाच रांगेतले असतील तर दोघांच्याही ओळखीचे दोघेच, रांगेतले उरलेले. वेगळ्या रांगेत आणि वेगळ्या उभ्या ओळीत असतील तरी समाईक ओळखीचे दोघेच, चौकोनाच्या उरलेल्या दोन कोपऱ्यांवरचे. म्हणजे केवळ ओळखी सारख्या नाहीत, कोणत्याही दोघांच्या समाईक ओळखीही नेमक्या दोन.

दुसरी मांडणी. आता प्रत्येकाने सहाच जणांना ओळखायचे, पण निराळ्या सहांना: डावीकडचा, उजवीकडचा, पुढचा, मागचा, तिरका पुढे-उजवीकडचा आणि तिरका मागे-डावीकडचा. काठावर बसलेल्यांनी असे धरायचे की शेवटच्या खुर्चीनंतर पुन्हा पहिली खुर्ची येते आणि शेवटच्या रांगेमागे पुन्हा पहिली रांग. ओळखी पुन्हा सहा-सहा. आणि मोजून पाहा, कोणत्याही दोघांच्या समाईक ओळखी पुन्हा नेमक्या दोन.

आकड्यांच्या नजरेने दोन्ही मांडण्यांत काहीही फरक नाही. ओळखी मोजल्या, समाईक ओळखी मोजल्या, सगळे जुळते. मग ही दोन जाळी एकच आहेत का?

नाहीत. एका माणसाच्या जवळ जाऊन पाहा. पहिल्या मांडणीत त्याच्या सहा ओळखीच्यांकडे बघा. रांगेतले तिघे आपसात ओळखीचे, उभ्या ओळीतले तिघे आपसात ओळखीचे, आणि या तिघांचा त्या तिघांशी संबंध नाही. दोन सुटे त्रिकोण. दुसऱ्या मांडणीत त्याच माणसाचे सहा ओळखीचे घ्या आणि क्रमाने फिरा: उजवीकडचा, तिरका पुढचा, पुढचा, डावीकडचा, तिरका मागचा, मागचा आणि परत उजवीकडचा. या सहांतला प्रत्येकजण क्रमाने आपल्या आधीच्याला आणि नंतरच्याला ओळखतो, बाकी कोणाला नाही. त्याच्याभोवती सहा जणांनी हात धरून केलेले एक रिंगण तयार होते, षटकोन. विद्यार्थिदशेत मी हे पहिल्यांदा वहीच्या पानावर काढले तेव्हा तो षटकोन पूर्ण मिटला आणि मी बराच वेळ पेन्सिल खाली ठेवून नुसता त्या पानाकडे पाहत राहिलो. आजही फळ्यावर काढताना मला तितकाच आनंद होतो.

या षटकोनातून वाटणीचा निकाल लागतो. पहिल्या मांडणीत सोळाजणांचे चार गट करता येतात, प्रत्येक गटात चौघे आणि चौघेही एकमेकांच्या ओळखीचे. चार रांगा म्हणजेच ते चार गट. दुसऱ्या मांडणीत असे चार गट तर सोडाच, एकमेकांना ओळखणारे चौघे एकदाही सापडत नाहीत. सापडले असते तर त्यांतल्या एकाच्या ओळखीच्यांमध्ये त्रिकोण दिसला असता, आणि षटकोनाच्या रिंगणात त्रिकोण नाही. लासलगावच्या बाजारात आकड्यांनी वाटणी अचूक सांगितली होती. इथे आकडे गप्प आहेत.

ही दुसरी मांडणी जगभर श्रीखंडे ग्राफ म्हणून ओळखली जाते. शरदचंद्र शंकर श्रीखंडे, मराठी माणूस. जन्म सागरचा, १९ ऑक्टोबर १९१७. शिक्षण नागपूरला, पुढे अमेरिकेत नॉर्थ कॅरोलिना विद्यापीठात राजचंद्र बोस यांच्या हाताखाली १९५० साली डॉक्टरेट. १९५९ च्या निबंधात त्यांनी जे सिद्ध केले ते नीट ऐका. चार बाय चारच्या ऐवजी तीन बाय तीन, पाच बाय पाच, शंभर बाय शंभर, कितीही खुर्च्या घ्या. ओळखी आणि समाईक ओळखी यांचे आकडे हत्तीच्या मांडणीचे असतील, तर जाळे हत्तीचेच असते, दुसरे शक्य नाही. अपवाद फक्त चाराचा. आणि चाराच्या ठिकाणी दुसरे जाळे एकच, तिसरे नाही. आकडे कुठवर विश्वासाचे आणि नेमके कुठे अपुरे, याची सीमा या माणसाने एका आकड्यावर बोट ठेवून दाखवली. माझ्या मते आपल्या भाषेतल्या माणसाने केलेल्या गणितातले हे अत्यंत देखणे काम आहे, आणि दुसऱ्या एका मोठ्या बातमीच्या सावलीत ते आपल्याकडे झाकले गेले.

ती बातमीही याच खुर्च्यांवरून सांगता येते. पहिल्या मांडणीतल्या सोळाजणांना चार रंगांच्या टोप्या अशा द्या की कोणत्याही दोन ओळखीच्यांच्या टोप्या सारख्या नसतील. म्हणजेच प्रत्येक रांगेत आणि प्रत्येक उभ्या ओळीत चारही रंग एकेकदा. हा झाला लॅटिन चौरस. आता टोप्यांबरोबर चार रंगांचे रुमालही तशाच नियमाने द्या आणि वर असे पाहा की टोपी-रुमालाची प्रत्येक जोडी एकदाच यावी. चारासाठी जमते, पाचासाठी जमते. सहासाठी जमत नाही. ऑयलरने हा प्रश्न सहा पलटणींच्या छत्तीस अधिकाऱ्यांच्या रूपात मांडला, आणि १७८२ साली छापलेल्या निबंधात अंदाज केला की सहा, दहा, चौदा, अठरा अशा कोणत्याच संख्येसाठी ते जमणार नाही. सहाबद्दल तो बरोबर होता, हे गास्तों तारी यांनी विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर एकेक शक्यता तपासून दाखवले. बाकीच्यांबद्दल पावणेदोनशे वर्षे सगळे ऑयलरवर विश्वास ठेवून होते. १९५९ साली बोस आणि श्रीखंडे यांनी बावीसचा चौरस रचून दाखवला, अर्नेस्ट पार्कर यांनी दहाचा, आणि मग तिघांनी मिळून सिद्ध केले की दोन आणि सहा सोडले तर प्रत्येक संख्येसाठी ते जमते. २६ एप्रिल १९५९ च्या 'न्यूयॉर्क टाइम्स'ने ही बातमी पहिल्या पानावर छापली. 'ऑयलरला खोटे पाडणारे' असे नाव या तिघांना पडले. अंदाज चुकला म्हणून ऑयलर लहान होत नाही. त्याचा शब्द पावणेदोनशे वर्षे टिकला यातच त्याचा अधिकार दिसतो.

श्रीखंडे परत आले. १९६३ पासून १९७८ पर्यंत ते मुंबई विद्यापीठाच्या गणित विभागाचे प्रमुख होते, आणि तिथले प्रगत गणिताचे केंद्र त्यांच्या हातून उभे राहिले. १०२ वर्षांचे दीर्घ आयुष्य जगून २१ एप्रिल २०२० रोजी ते विजयवाडा येथे गेले. टाळेबंदीचे दिवस होते. माझ्या घरी त्या दिवशी मी सोळा बिंदूंचा तो चौकोन कागदावर काढून भिंतीला लावला, तो अजून तिथेच आहे.

देवळालीच्या मास्तरांचे ६१७४ आपल्या शाळांतल्या पोरांना अलीकडे माहीत झाले आहे, त्याचा मला आनंद आहे. श्रीखंड्यांचे सोळा बिंदू अजून वर्गात पोचलेले नाहीत. त्याला बीजगणित लागत नाही, महागडे साहित्य लागत नाही. इथे निफाड, ओझर, पिंपळगाव, लासलगावच्या शाळांतले शिक्षक बसलेले मला दिसत आहेत. त्यांना माझी हात जोडून विनंती आहे. या आठवड्यात एका तासाला सोळा मुलांना मैदानावर चार-चारच्या रांगांत बसवा. आधी हत्तीची मांडणी करा, मग तिरकी. प्रत्येकाला आपल्या ओळखी मोजायला लावा, समाईक ओळखी मोजायला लावा. सगळे आकडे जुळले की एवढेच सांगा: एकमेकांना ओळखणारे चौघे शोधून आणा. उत्तर लगेच सांगू नका. तास संपेपर्यंत त्यांना शोधू द्या.